ताकद खांद्यात असते की मुंढ्यात?

उरेब कापड (धागाकर्ती)

मागे एका बैठकीत एक बाई सादरीकरण करत होत्या. अंगात गर्द निळा सूट, खांदे रेघ मारल्यासारखे सरळ, कमरेत नेमका बसलेला. त्या आत आल्या तेव्हाच खोलीतली कुजबुज थांबली. मग फळ्यावर लिहायला त्यांनी हात वर केला आणि अख्खा कोट उचलला गेला. कॉलर कानाशी, खालची कड कमरेवर. त्यांनी तो पटकन खाली ओढला. पुन्हा हात वर, पुन्हा तेच. तिसऱ्या वेळेपासून त्यांनी फळ्याच्या खालच्या अर्ध्या भागातच लिहिलं. मागे बसलेल्यांना शेवटपर्यंत काही धड दिसलं नाही.

मी कपड्यांचे पॅटर्न कापते, पोटापाण्याचा धंदाच तो. त्यामुळे माझं लक्ष त्यांच्या आकडेवारीपेक्षा त्यांच्या मुंढ्याकडे.

शिवणकामाशी संबंध नसलेल्यांसाठी सांगते, बाही अंगाला जिथे जोडतात ती गोलाई म्हणजे मुंढा. बहुतेकांना वाटतं की मुंढा खोल आणि ऐसपैस कापला की हात मोकळा राहतो. प्रत्यक्षात उलटं आहे. मुंढा खोल गेला की बाही बगलेच्या बरीच खाली, बरगड्यांपाशी जोडली जाते. हात उचलला की ती सगळा कोट सोबत घेऊन वर जाते. बगलेशी लगटून उंच कापलेला मुंढा असेल तर हात एकटा उचलला जातो, कोट आपल्या जागी. पण असा मुंढा ज्या त्या अंगाला मापून बेतावा लागतो. तयार कपडा कुणालाही चढला पाहिजे, म्हणून तिथे तो खोल कापून मोकळे होतात. खांद्यात पॅड घालायला मात्र फारशी अक्कल लागत नाही. म्हणून तयार कपड्यातली 'ताकद' बरेचदा खांद्यावर चढवलेली असते आणि मुंढ्यात सापडत नाही.

फ्रेंच डिझायनर कोको शनेल, म्हणजे आपल्या शनेलबाई. त्यांनी १९५४ साली, वयाच्या सत्तरीत, बंद पडलेलं आपलं फॅशन घर पुन्हा उघडलं. त्यानंतरचं त्यांचं ते प्रसिद्ध जाकीट कधी आतून बघा. मुंढा उंच आणि अरुंद. अस्तराच्या खालच्या कडेला बारीक साखळी शिवलेली, म्हणजे हलकं कापडसुद्धा वजनाने सरळ लोंबतं आणि सारखं ओढून नीट करावं लागत नाही. साखळी बाहेरून दिसतही नाही. ती घालणारीसाठी आहे.

माझं म्हणणं एवढंच. फॅशनमधल्या स्त्रीशक्तीबद्दल बोलताना आपण कायम बाहेरून भांडतो. तोकडं की लांब, घट्ट की सैल, मादक की करारी. मला आधी हे विचारावंसं वाटतं की कपडा बेतला कुठल्या बाजूने? आतली बाई हात उचलू शकते का? बसू शकते का? कुणाला हाक न मारता स्वतःच्या हाताने तो बंद करू शकते का? किल्ल्या कुठे ठेवते?

तुमचे अनुभव लिहा. एक विनंती, 'बायकांनी काय घालावं' या वळणावर धागा नेऊ नका. ते धागे आधीच शंभर आहेत आणि सगळे सारखेच संपतात.

टाचणी

फळ्याच्या खालच्या अर्ध्या भागात! अगदी डोळ्यासमोर उभं राहिलं. मी आत्ता वाचता वाचता हात वर करून पाहिला. काय झालं ते सांगत नाही.

शंकेखोर

लेख आवडला, गृहीतक पटलं नाही. त्या बाई आत आल्या तेव्हा कुजबुज थांबली, हे तुमचंच वाक्य. म्हणजे खांद्यांनी त्यांचं काम चोख केलं की! ताकदवान दिसणं ही निम्मी ताकद असते. फ्रान्सचा चौदावा लुई लाल टाचांचे जोडे घालून चित्रकारासमोर उभा राहिला तो काही चालायला बरं पडतं म्हणून नाही. अवघड पोशाख म्हणजेच 'मला हातपाय हलवावे लागत नाहीत' असं जगाला सांगणं. पुरुषांनी शतकानुशतकं हेच केलं. बाईने केलं की लगेच मुंढ्याची परीक्षा?

उरेब कापड

@शंकेखोर, लुईला फळ्यावर स्वतः लिहायचं नव्हतं हो. हात वर करायला त्याच्याकडे माणसं होती. सूटमधल्या बाईला रुबाबही दाखवायचा आणि कामही स्वतःच उरकायचं. दोन्ही एकाच कपड्यात. तिथेच शिवण उसवते.

आणि टाचांचं म्हणाल तर त्या मूळच्या घोडेस्वारांच्या. इराणी स्वारांना रिकिबीत पाय अडकवायला टाच लागायची. युरोपातल्या दरबारी पुरुषांनी ती उचलली, बायकांनी त्यांच्याकडून. पुढे पुरुष टाचेवरून उतरले, बायका राहिल्या वरच.

निळी शाई

थोडी इतिहासाची भर घालते, कारण 'सोयीचा कपडा' ही गोष्ट वाटते तितकी साधी कधीच नव्हती. पॅरिसमध्ये नोव्हेंबर १८०० मध्ये पोलिसांनी हुकूम काढला की कुठल्याही बाईला पुरुषी पोशाख करायचा असेल तर आधी पोलीस कचेरीतून परवाना घ्यावा. रोझा बोनर ही त्या काळातली प्राण्यांची नामांकित चित्रकार. तिला घोड्यांच्या बाजारात आणि कत्तलखान्यात जाऊन रेखाटनं करायची असत, घेरदार झग्यात ते कसं जमणार? तिने रीतसर परवाना काढला आणि तो दर सहा महिन्यांनी नवा करून घ्यावा लागे. विजारीचं नूतनीकरण!

पुढे १८९२ आणि १९०९ मध्ये हुकूम थोडा सैल झाला. हातात घोड्याचा लगाम किंवा सायकलचा दांडा असेल तर बाईच्या अंगात विजार चालेल. म्हणजे सायकलवरून उतरलात की पुन्हा गुन्हेगार. हा हुकूम कुणी पाळत नव्हतं, पण कागदावर होता. तो रद्दबातल असल्याचं फ्रान्सच्या सरकारने अधिकृतपणे सांगितलं ते २०१३ साली. ज्या शहराला आपण फॅशनची पंढरी म्हणतो त्याची ही कथा.

याच्या अगदी उलट चाल ब्रिटनमधल्या मताधिकारवाल्या बायकांची. विरोधक व्यंगचित्रांत त्यांना दाढीमिशा चिकटवून गबाळ्या, पुरुषी दाखवायचे. तर या बायकांनी ठरवून नीटनेटकं, 'बायकी' राहायचं धोरण धरलं. १९०८ पासून जांभळा, पांढरा आणि हिरवा हे रंग घेतले. मोर्चात शेकडो बायका पांढऱ्या शुभ्र झग्यात, त्यावर तिरंगी पट्टे. छायाचित्रं कृष्णधवल असायची, त्यातही पांढरा उठून दिसे. त्यांचा तो झगा आतून सोयीचा होता का? मुळीच नाही. पण डोकं त्यांचं स्वतःचं होतं. म्हणून @उरेब कापड, तुमची कसोटी इथे थोडी तोकडी पडते असं वाटतं.

उरेब कापड

मान्य. हे उदाहरण माझ्या मापात बसत नाही. विचार करते.

खिसेकापू

माझ्या आयडीला साजेसा विषय निघाला, आता गप्प बसणार नाही.

अठराव्या शतकात युरोपातल्या बायकांकडे खिसे होते. चांगले दणदणीत. नाडीने कमरेला बांधायच्या दोन पिशव्या, झग्याच्या आत, आणि झग्याला बाजूने चिरा. त्यातून हात घालायचा. पैसे, किल्ल्या, कात्री, पत्रं, सगळं मावायचं. शतकाच्या अखेरीस पातळ कापडाचे, अंगासरशी पडणारे झगे आले, आत पिशवी ठेवली की फुगवटा दिसायला लागला. मग खिसा बाहेर आला, आक्रसला आणि हातात धरायची इवलीशी पिशवी झाली. बाईचा एक हात कायमचा अडकला तो तेव्हापासून. पुरुषांचे खिसे मात्र कोटात, जाकिटात, विजारीत वाढतच गेले.

मी जीन्स विकणाऱ्या एका मोठ्या दुकानात तीन वर्षं होतो. बायकांच्या जीन्सवर पुढच्या खिशाची तोंडं शिवलेली आणि आत काहीच नाही, असा माल यायचा. नुसती रेघ. एकदा एक आजी आल्या, नातीसाठी घेत होत्या. त्यांनी खिशात बोटं घालायचा प्रयत्न केला, मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "हा खिसा चित्रातला आहे का?" त्या दिवसापासून आमच्यात त्याला 'चित्रातला खिसा' हेच नाव पडलं.

कारण विचारलं तर वरून उत्तर यायचं, मांडीवर रेष बिघडते. कुणाच्या मांडीवर, कुणाच्या डोळ्यांत, हे विचारायची आमची पायरी नव्हती.

टाचणी

'चित्रातला खिसा' =)) चोरतेय हा शब्द.

काजळ

मी स्टायलिस्ट आहे, छायाचित्रणासाठी कपडे निवडणं आणि अंगावर चढवणं हे काम. इथे सगळे सोयीच्या बाजूने बोलताहेत म्हणून मुद्दाम दुसरी बाजू मांडते.

मला टाचा आवडतात. मला घट्ट कंबर आवडते. त्यात मी दिवसभर फळ्यावर लिहिणार नसते, दोन तास मिरवणार असते. मिरवणं ही गोष्ट इतकी हलकी का मानायची? १९४७ च्या फेब्रुवारीत पॅरिसच्या क्रिस्तियाँ दिओर या डिझायनरचा पहिला संग्रह आला. बारीक कंबर, पॅड लावून फुगवलेले नितंब, मीटरच्या मीटर कापडाचा घेर. 'हार्पर्स बझार'च्या संपादक कार्मेल स्नो यांनी त्याला 'न्यू लुक' म्हटलं आणि तेच नाव चिकटलं. अमेरिकेत बायकांनी निषेध केले, शनेलबाईंनीही नाकं मुरडली. पण युद्धाची कितीतरी वर्षं रेशनचं कापड, चौकोनी खांदे आणि गणवेशासारखे पोशाख घालून काढलेल्या कित्येक बायकांनी त्या घेराला डोक्यावर घेतलं. त्या सगळ्या बावळट होत्या का? पोटभर कापड अंगावर घेणं हाच त्यांचा जल्लोष होता.

आणि कॉर्सेट, म्हणजे कंबर आवळायला आतून घालायची ताठ चोळी. ब्रिटिश डिझायनर विव्हियन वेस्टवुड यांनी १९८७ मध्ये ते आतून उचलून सरळ बाहेर घातलं. जी वस्तू लपवायची, आवळायची, तीच मिरवायची. त्यांच्या कॉर्सेटला बाजूंनी ताणणारं कापड असे, मागे नाड्यांऐवजी चेन. म्हणजे श्वास घेता येतो, @उरेब कापड, तुमच्या परीक्षेतही पास.

खिसेकापू

चेन मागे म्हणजे बंद करायला दुसरं माणूस लागणारच. साठ टक्के देऊ.

काजळ

हाहा. बरं, पासष्ट.

शंकेखोर

@काजळ शी सहमत. गंमत बघा, एकीकडे म्हणायचं बाईने काय घालावं हे कुणी सांगू नये, दुसरीकडे सोयीचं नसेल तर ते खरं सामर्थ्य नाही असं ठरवायचं. हीही एक पोलीस कचेरीच झाली.

उरेब कापड

@काजळ, @शंकेखोर, टोचलं, पण योग्य जागी टोचलं. माझी भाषा परीक्षकाची झाली खरी.

थोडं बदलून मांडते. कपडा सोयीचाच हवा असा माझा हट्ट नाही. घालणारीने गैरसोय स्वतः पत्करली असेल तर तिची मौज. माझा राग कापणाऱ्यावर आहे, म्हणजे काही अंशी स्वतःवरच. आम्हा पॅटर्नवाल्यांपुढे जी मापं आणि चित्रं येतात त्यात ती बाई उभी असते. फक्त उभी. एक पाय किंचित पुढे, हात लांब. बसलेली, वाकलेली, धावणारी बाई चित्रात येत नाही. मी एवढी वर्षं उभ्या बाईसाठी कपडे कापले आणि ते घालून बायका बसत राहिल्या.

क्लेअर मॅकार्डेल नावाच्या अमेरिकन डिझायनर होत्या. त्या चेन बाजूला लावत, बाईला ती स्वतः ओढता यावी म्हणून. खोल खिसे देत. १९४२ मध्ये त्यांनी एक आडवा गुंडाळून बांधायचा झगा काढला, घरकाम करताना घालायचा, तरी बाहेर गेलं तर लाज वाटणार नाही असा. तीस-बत्तीस वर्षांनी, १९७४ मध्ये, डायान फॉन फुर्स्टेनबर्ग यांचा गुंडाळायचा झगा आला आणि जगभर गाजला. बटण नाही, चेन नाही, कमरेला एक गाठ. सैल-घट्ट जिचं तिने ठरवायचं. हा झगा मादक आहे की सोयीचा? दोन्ही आहे! मला हवंय ते हे. भांडण सौंदर्य विरुद्ध सोय असं नाहीच मुळी, ते आळशी कापणाऱ्याने लावून दिलंय.

वाचनमात्र

एरवी नुसती वाचते, आज राहवलं नाही. 'दिसण्या'ची सूत्रं स्वतःच्या हातात ठेवणं म्हटलं की मला मॅडेलिन ऑलब्राइट आठवतात. त्या संयुक्त राष्ट्रांत अमेरिकेच्या राजदूत होत्या तेव्हा इराकच्या सरकारी वर्तमानपत्राने त्यांना सर्पिणीची उपमा दिली. पुढच्या इराकविषयक बैठकीला त्या कोटावर सोन्याच्या सापाची पिन लावून गेल्या. पुढे तो शिरस्ताच झाला. बोलणी कशी चालली आहेत ते त्या पिनांतून सांगत. कपडा तसा अगदी साधा, चारचौघींसारखा. इतक्या लहान वस्तूत इतका खोडकरपणा.

मागच्या रांगेतली

हा धागा दोन दिवस वाचतेय आणि लिहू की नको करतेय.

मी सहा वर्षं मॉडेलिंग केलं. नाव कुणाला माहीत असण्याचं कारण नाही, आयडी उगाच घेतलेला नाही. तुम्ही छायाचित्रात ज्या 'शक्तिशाली' बायका बघता, त्यातली एखादी मी असेन.

एक दिवस सांगते. छायाचित्रण होतं, विषय 'अधिकार'. मला मोठ्या खांद्यांचा राखाडी कोट दिला, माझ्या मापापेक्षा तीन मापं मोठा. समोरून बसावा म्हणून मागून चिमटे लावतात, हे या धंद्यात सगळ्यांना माहीत आहे. पाठीच्या कण्यावरून ओळीने बारा चिमटे, वर मानेपाशी एक मोठा, लोखंडी. समोरून राणी आणि मागून दोरीवर वाळत घातलेलं कापड. टेकता येत नाही, वळता येत नाही. छायाचित्रकार ओरडतो, "नजर! नजर! तू या खोलीची मालक आहेस!" आणि मला तीन तास लघवीला जायचंय, पण चिमटे काढायला लागतील म्हणून मी विचारत नाही.

तो फोटो सुंदर आला. खरंच. त्यात मी मालक दिसते.

म्हणून @शंकेखोर, दिसणं ही निम्मी ताकद असेलही. उरलेली निम्मी म्हणजे "थांबा, मला जायचंय" हे म्हणता येणं. ते मला सहाव्या वर्षी जमलं आणि त्यानंतर त्या घराकडून पुन्हा बोलावणं आलं नाही.

टाचणी

ताई, काय लिहिलंत. वाळत घातलेलं कापड...

काजळ

@मागच्या रांगेतली, ते चिमटे मी लावते. अनेक वर्षं लावतेय. यापुढे लावण्याआधी विचारत जाईन एवढंच म्हणू शकते.

शंकेखोर

@मागच्या रांगेतली, तुमच्या अनुभवापुढे वाद घालणं बरं दिसत नाही, तरी एक प्रश्न प्रामाणिकपणे विचारतो. मॉडेलिंग हे असं क्षेत्र आहे जिथे बायका पुरुषांपेक्षा जास्त कमावतात. असं दुसरं क्षेत्र चटकन आठवत नाही. ती ताकद नाही का?

मागच्या रांगेतली

कमावतात त्या वरच्या मूठभर. त्यांची खरी ताकद आहे, नाकारत नाही. नाओमी कॅम्पबेल १९८८ मध्ये फ्रेंच 'व्होग'च्या मुखपृष्ठावर आली, त्या मासिकाच्या मुखपृष्ठावरची पहिली कृष्णवर्णीय मॉडेल. त्यासाठी डिझायनर इव्ह सँ लोराँला शब्द टाकावा लागला, हेही खरं. म्हणजे तिच्यासारखीलासुद्धा कुणाचा तरी शब्द लागला.

बाकीच्यांचं असं असतं की एजन्सी तुम्हाला राहायला जागा देते, फोटो काढून देते, विमानाचं तिकीट काढते, आणि हे सगळं तुमच्या नावावर उधार. कामाचे पैसे आले की आधी उधारी वळती. काही मुली हंगाम संपवून परतायच्या त्या देणेकरी होऊन. आम्ही धड नोकर नाही, धड मालक नाही, त्यामुळे कुठला कायदा लागू होतो हेच कळायचं नाही. न्यूयॉर्कमध्ये सारा झिफ या मॉडेलने २०१२ मध्ये 'मॉडेल अलायन्स' ही संघटना उभी केली. तिथल्या राज्यात डिसेंबर २०२४ मध्ये कायद्यावर सही झाली आणि जून २०२५ पासून तो लागू झाला. एजन्सीची दलाली वीस टक्क्यांपेक्षा जास्त नको, कराराची प्रत मॉडेलला मिळालीच पाहिजे, तिच्या शरीराची संगणकी प्रतिकृती करायची तर वेगळी लेखी संमती हवी. वाचताना मला रडू आलं, कारण यातली एकही गोष्ट मोठी नाही. कराराची प्रत! बस.

फ्रान्समध्ये २०१७ पासून मॉडेलला डॉक्टरचा दाखला लागतो, आणि जाहिरातीत तिचं अंग संगणकावर बारीक किंवा जाड केलं असेल तर 'फोटोत फेरफार केला आहे' असं छापावं लागतं. हेही बरं झालं.

निळी शाई

या धंद्याचा उगमच बोलका आहे. चार्ल्स वर्थ हा पॅरिसमधल्या उंची फॅशनचा आद्यपुरुष मानतात, १८५८ मध्ये त्याने आपलं घर थाटलं. त्याचे झगे अंगावर घालून गिऱ्हाइकांना दाखवायची ती त्याची बायको मारी, आणि तिलाच बरेच लोक पहिली मॉडेल म्हणतात. अशा बायकांना नाव पडलं 'मॅनेकिन'. जो शब्द लाकडी पुतळ्याचा, तोच जित्या बाईचा.

टाचणी

एक विचारू? ते इव्ह सँ लोराँचं १९६६ चं 'ल स्मोकिंग', बायकांसाठी बेतलेला पुरुषी टक्सेडो (रात्रीच्या मेजवानीचा काळा सूट), त्याचं आपण काय करायचं? मला तो फार आवडतो. हेल्मुट न्यूटनने १९७५ मध्ये काढलेलं छायाचित्र आहे ना, रात्रीची अरुंद गल्ली, दिव्याच्या उजेडात ती बाई, हातात सिगारेट. त्यात चिमटे असतील का?

काजळ

चिमट्यांचं माहीत नाही, पण त्या टक्सेडोचा एक किस्सा माझा लाडका. न्यूयॉर्कमधल्या नॅन केम्पनर या धनाढ्य बाई साठच्या दशकाच्या अखेरीस तो घालून एका उच्चभ्रू रेस्तराँत गेल्या. दारावर अडवलं, विजारीतल्या बायकांना प्रवेश नाही. त्यांनी तिथेच विजार उतरवली आणि नुसता कोट आखूड झग्यासारखा घालून आत गेल्या. मांड्या उघड्या चालतील, विजार नाही!

मागच्या रांगेतली

हे भारी आहे. पण पैसेवाल्या होत्या म्हणून किस्सा झाला. त्यांच्या जागी मी असते तर बाहेर काढलं असतं.

शंकेखोर

हे मात्र सोळा आणे.

उरेब कापड

मला ते छायाचित्र बघताना नेहमी वाटतं, कापणारा पुरुष, फोटो काढणारा पुरुष, आणि तरी त्या बाईच्या उभं राहण्यात काहीतरी आहे जे त्या दोघांपैकी कुणाचंच नाही. खिशात हात आहे तिचा. म्हणजे खिसा खरा आहे, @खिसेकापू.

बाकी कापणारे कोण, हा विषय निघालाच आहे तर. दिओरच्या घराने 'न्यू लुक' दिला १९४७ मध्ये. त्या घराच्या कलादिग्दर्शनाची सूत्रं पहिल्यांदा एका बाईकडे आली २०१६ मध्ये, मारिया ग्राझिया क्यूरी यांच्याकडे. एकोणसत्तर वर्षं बायकांची कंबर पुरुष ठरवत होते. आल्या आल्या त्यांनी पहिल्याच शोमध्ये स्त्रीवादी घोषणेचा पांढरा टी-शर्ट मंचावर आणला. त्यावर टीका झाली की घोषणा विकायला काढली. मला टीका अर्धी पटते. पण घोषणा छातीवर छापली म्हणून नावं ठेवणाऱ्यांना इतकी वर्षं त्या खुर्चीत बाई नव्हती हे खुपलेलं दिसत नाही.

माझ्या आयडीचं रहस्यही सांगून टाकते. उरेब म्हणजे कापड ताण्याबाण्याला तिरपं धरून कापणं. तसं कापलं की ते ताणतं, अंगावरून ओघळतं, हलतं. मादलेन व्हिओने या बाईंनी ही विद्या कळसाला नेली. कॉर्सेट नको, कापडानेच अंगाचं ऐकायचं. लहान लाकडी बाहुलीवर कापड गुंडाळून त्या बेतत. मला जास्त आवडतं ते त्यांच्या कारखान्याचं. शिवणाऱ्या बायकांना पगारी सुट्ट्या, दवाखाना, दाताचा डॉक्टर, मुलांसाठी पाळणाघर. दोन महायुद्धांच्या मधला काळ हा! बाई स्वतः लहानपणापासून शिवणकामाला बसलेल्या, पाठ कुठे दुखते ते ठाऊक होतं. आपण इथे घालणारीबद्दल बोललो, दाखवणारीबद्दल बोललो. शिवणारी अजून धाग्यात आलीच नव्हती, म्हणून हे.

निळी शाई

व्हिओने वाचून बरं वाटलं. सुरुवातीच्या शनेलप्रेमावर मात्र एक फुली मारते. युद्धकाळात त्यांनी जर्मन अधिकाऱ्याशी घरोबा केला आणि अत्तराच्या धंद्यातल्या ज्यू भागीदारांना नाझी कायद्यांच्या आधाराने बाहेर काढायचा प्रयत्न केला. जाकिटाचा मुंढा उंच होता, एवढंच घ्यावं.

उरेब कापड

एवढंच घेतलंय. साखळीसकट.

वाचनमात्र

जपानी डिझायनर रेई कावाकुबो यांचं नाव कुणीच कसं घेतलं नाही? १९९६ च्या शोमध्ये त्यांनी झग्यांच्या आत पाठीवर, पोटावर, खांद्यावर पिसांच्या गाद्या घातल्या. गाठी आलेली, कुबड आलेली अंगं. तिथे बाई मादकही नव्हती आणि करारीही. काय म्हणावं तेच कुणाला कळेना. मला त्यात सगळ्यात जास्त मोकळं वाटलं होतं. आरशासमोर उभं राहून पोट आत घ्यायची सवय जन्मभराची, आणि इथे एक बाई पोट मुद्दाम शिवून बाहेर काढतेय.

काजळ

ते कपडे छायाचित्रात काय दिसतात! आणि हो, चिमटे लागतच नाहीत.

टाचणी

@उरेब कापड, एक राहिलं. त्या फळ्यावाल्या बाई पुन्हा भेटल्या का? त्यांना कुणी सांगितलं का की चूक त्यांची नव्हती? आणि हो, माझाही कोट वर जातो. काही इलाज आहे की टाकून द्यायचा?

उरेब कापड

भेटल्या. बैठक संपल्यावर मीच जाऊन सांगितलं, कोट माझ्याकडे द्या. आधी त्यांना राग आला, मग दिला.

खोल कापलेला मुंढा वर घेता येत नाही, गेलेलं कापड परत येत नाही. पण बगलेत पतंगाच्या आकाराचा तुकडा जोडता येतो, गसेट म्हणतात. तो उरेब कापायचा, म्हणजे हाताबरोबर ताणतो. बगलेची शिवण आणि बाहीची शिवण दोन्ही थोडी उसवायची, चारही टोकं कच्च्या टाक्याने आधी बसवून बघायची, टोकाशी आतून पातळ कापडाचा आधार द्यायचा, नाहीतर तिथूनच फाटतं. अस्तरालाही तसाच तुकडा, तो विसरू नका. चांगला शिंपी दोन तासांत करेल. @टाचणी, तुमच्या कोटाचा बगलेतला फोटो पाठवा, बघून सांगते.

त्यांच्या कोटाचं कापड मात्र मला तंतोतंत मिळालं नाही. निळा थोडा उजळ आला. ट्रायलला त्यांनी कोट घातला, बगलेकडे वाकून बघितलं आणि म्हणाल्या, "हे दिसेल का हो?"

म्हटलं, "हात वर कराल तेव्हा दिसेल."

त्यांनी तिथल्या तिथे दोन्ही हात वर केले, थोडा वेळ तसेच ठेवले आणि म्हणाल्या, "मग दिसू दे."